हॅपी व्हॅली लिहिणाऱ्या बाईचं करिअर कसं घडलं? आणि डेली सोपमधी लिहून हात खराब होतो का?

मांजराकाठचा (लातूर)

नमस्कार मंडळी, प्रश्न जरा लांबणार आहे, चहा घेऊनच बसा.

मी एकांकिका लिहितो, युवक महोत्सवापासून लिहितोय, दोनचार बक्षिसं पण आहेत (ट्रॉफ्या आईनं टीव्हीच्या शोकेसमधी ठेवल्यात आणि पाहुणे आले की त्यांच्याकडं बघत बसते, पाहुण्यांकडं नाही). मागच्या वर्षी एका मालिकेत संवाद लिहायचं काम मिळालं म्हणून मुंबईला गेलो, पाच महिने टिकलो आणि परत आलो. मालिकेचं नाव घेत नाही, घेऊन फायदा पण नाही.

झालं असं की मालिकेतलं घर गावाकडचं होतं आणि मला घेतलंच होतं "तू गावाकडचा आहेस, तुझी भाषा ओरिजनल आहे" म्हणून. पहिल्याच आठवड्यात एक सीन आला, पोरगं शहरातून घरी येतं आणि आई दारात भेटते. मी लिहिलं, "कवा आलास? जेवलास का नाही? कामून असं तोंड करूलालास?" दुसऱ्या दिवशी सेटवर गेलेलं पान बघितलं तर, "कधी आलास रं? ज्येवलास का न्हाय? त्वांड का पाडलंयस?" मी म्हणलं सर ही आमची भाषा नाही, ही तिकडं साताऱ्या-कोल्हापूरची झाली आणि तिकडचं माणूस पण असं बोलत नसंल. तर क्रिएटिव्हवाले म्हणले, प्रेक्षकाला गाव म्हणजे हेच माहितंय, करूलालास म्हणलं की लोक हसतात, ते आपण कामवालीच्या कॅरेक्टरला ठेवू. मी गप बसलो. गप बसलो याचाच जास्त राग येतो आता.

असो. परत आल्यावर मित्राच्या लॅपटॉपवर हॅपी व्हॅली नावाची इंग्रजी मालिका बघितली, तीन रात्री लागल्या. पोलिस सार्जंट बाई आहे, कॅथरीन, सुरुवातीलाच एक पोरगा खेळायच्या मैदानात अंगावर पेट्रोल ओतून घेऊन लायटर धरून उभा आहे आणि ही बाई आग विझवायचा सिलिंडर घेऊन त्याच्यापुढं जाते, आणि काय बोलते तर स्वतःची ओळख करून देते. मी ४७ वर्षांची, घटस्फोट झालेला, बहिणीसोबत राहते, बहीण गर्दमधून सुटू बघतीय, दोन लेकरं, एक मेलेलं आणि एक माझ्याशी बोलत नाही, आणि एक नातू. झालं, एका दमात अख्खं घर उभं केलं!! आणि आधी म्हणते कशी, त्याला वर जायचं तर जाऊ दे, माझ्या भुवया जाळून नको. मी तर तिथंच पॉज करून वहीत लिहून घेतलं. आपल्याकडं एवढीच माहिती द्यायला चार एपिसोड आणि एक काकू लागली असती.

आणि त्यातला तो अकाउंटंट! मालकाकडं पगारवाढ मागतो पोरीच्या शाळेच्या फीसाठी, मालक नाही म्हणतो आणि तिथून सगळं नासतं. लातुरात राहतो म्हणून सांगतो, क्लासच्या फीपायी असला माणूस आमच्या गल्लीत कधीही तयार होईल, फक्त किडनॅपिंगपर्यंत जाणार नाही, एवढीच आशा.

तर प्रश्न. सॅली वेनराइट नावाची बाई आहे लिहिणारी. कुणाला हिचं करिअर नीट माहितंय का? म्हणजे कुठून आली, आधी काय करायची. कुणीतरी म्हणलं ती पण डेली सोपवाली होती. मला परत एका मालिकेसाठी फोन आलाय म्हणून विचारतो. जावं का? घरचे म्हणतात जा, पैसा आहे. मला वाटतंय हात कायमचा खराब होईल.

----------

गोदाकाठची (नांदेड)

भाऊ, माझा आवडीचा विषय काढलात. मी कॉलेजात इंग्रजी शिकवते आणि या बाईचं जे मिळंल ते बघत आलेय, म्हणून सांगते, थोडं विस्कळीत होईल, पेपर तपासायचे सोडून लिहितेय.

१९६३ चा जन्म, यॉर्कशरमधलं हडर्सफिल्ड. वाढली शेजारच्या सोवर्बी ब्रिज नावाच्या गावात, कॅल्डर नदीचं खोरं, जुन्या लोकरीच्या गिरण्या, दगडी घरं, वर डोंगरावर मेंढरं. गिरण्या बंद पडल्यावर काय उरतं ते नांदेडच्या माणसाला वेगळं सांगायला नको, आमच्याकडं पण गिरणीच्या भोंग्यावर घड्याळ लावणारी पिढी होती. हॅपी व्हॅली घडते ती याच खोऱ्यात. नाव पण टोमणाच आहे, तिथले पोलिसच त्या भागाला असं म्हणतात, नशेचा सुळसुळाट म्हणून.

यॉर्क विद्यापीठात इंग्रजी शिकली, तिथं असतानाच नाटक लिहिलं, ते एडिंबराच्या महोत्सवात नेलं आणि त्यातून एजंट मिळाला. पण एजंट मिळाला म्हणजे काम मिळालं असं थोडीच असतं. मग पोटासाठी काय केलं माहितंय? लंडनमधी बस चालवली. खरंच, सिटी बसची ड्रायव्हर! पुढं २००६ मधी जेन हॉल नावाची मालिका लिहिली तिच्यात नायिका बस ड्रायव्हरच आहे. ती काही फार चालली नाही, ते सोडा.

बस सोडली ती चोविसाव्या वर्षी, द आर्चर्सचं काम मिळालं म्हणून. ही रेडिओ मालिका आहे बीबीसीची आणि हिचा इतिहास मराठवाड्यातल्या माणसाला लगेच पटणारा आहे. युद्धानंतर तिकडं रेशनिंग होतं, धान्य-दूध वाढवायचं होतं, पण शेतकऱ्याला भाषणं ऐकवून उपयोग होईना. मग एका बैठकीत एक शेतकरीच म्हणाला की आम्हाला ते साहसकथेसारखं काहीतरी द्या शेतीचं. त्यातून १९५१ च्या १ जानेवारीपासून ही मालिका देशभर सुरू झाली, काल्पनिक गाव अँब्रिज, रोज पाव तास, कृषी खात्याच्या सल्ल्यानं. घरातली भांडणं चालू असताना मधीच गाईगुरांचे रोग, खतं, बियाणं. ती अजून चालू आहे! तर आपली सॅलीबाई आधी हे लिहायला शिकली, फक्त आवाजात माणूस उभा करायचा, चेहरा नाही, सेट नाही.

मग १९९४ ते ९९ कोरोनेशन स्ट्रीट. हो, सोपच, आठवड्याला तीन आणि ९६ पासून चार एपिसोड. पण एक गोष्ट लक्षात घ्या, तिला तिथं ढकललं नव्हतं कुणी, लहानपणापासून तिला तीच मालिका लिहायची होती. ती मालिका १९६० ला टोनी वॉरन नावाच्या चोवीस वर्षांच्या पोरानं सुरू केली, मँचेस्टरकडची एक गल्ली, चाळीसारखी घरं आणि तिथली अस्सल बोली. तेव्हा टीव्हीवर सगळे लंडनच्या सायबासारखे बोलायचे, त्याच्यात ही गल्लीतली बायामाणसं तोंड उघडून भांडायला लागली. चॅनलमधल्या वरच्या लोकांना बिलकुल भरवसा नव्हता. साठ वर्षं होऊन गेली, चालू आहे. म्हणजे भाऊ, तुमच्या "करूलालास"चं भांडण तिकडं १९६० लाच होऊन गेलंय आणि बोलीच जिंकलीय.

पुढचं रात्री लिहिते, पाणी आलंय नळाला.

----------

निवृत्त_लालपरी (परभणी)

मी ३१ वर्षं एसटीत कंडक्टर होतो. नाटक-बिटक कळत नाही, मुलानं हा ग्रुप जोडून दिलाय. पण बाई बस चालवत होती हे वाचलं आणि थांबलोच.

ताई तुम्ही लिहिलं पोटासाठी बस चालवली. मी म्हणतो पोटासाठी असंल पण फुकट गेलं नसंल. बसमधी माणूस जे बोलतं ते घरात बोलत नाही. का तर समोरच्याला परत भेटायचं नसतं. माझ्या गाडीत एक म्हातारी परभणी ते गंगाखेड सुनेची चाडी सांगत आली शेजारच्या बाईला, आणि उतरताना ती शेजारची म्हणली मावशी मी तुमच्या सुनेची मावसबहीण हाय. अख्खी गाडी गप. मी डबल घंटी द्यायची विसरलो.

शेतीचं रेडिओवर आमच्याकडं पण होतं. परभणीला आकाशवाणी आहे, कृषी विद्यापीठ आहे, संध्याकाळी कापसावर कोणती फवारणी ते सांगायचे, संवाद असायचे दोन शेतकऱ्यांचे. त्यातला एक नेहमी शहाणा आणि एक नेहमी येडा. आमचे वडील म्हणायचे हा येडा आपल्याच गावचा असावा, प्रश्न बरोबर विचारतो.

पोरा, जा का जाऊ नको ते मी काय सांगणार. पण पाच महिन्यांत माणूस कंडक्टर पण होत नाही, वेबिल (तिकिटांच्या हिशेबाचा कागद) भरायलाच सहा महिने लागतात.

----------

बालाघाट_बॉय (बीड, सध्या गोरेगाव)

काका 😂 मावसबहीण एक नंबर

मांजराकाठचा भावा, मी सात वर्षं इथं लिहितोय म्हणून कडू बोलतो, राग मानू नको. ही इंग्लंडची उदाहरणं वाचायला भारी वाटतात, इथं उपयोग शून्य. तिकडं हॅपी व्हॅलीचा एक सीझन म्हणजे सहा एपिसोड. सहा! आणि तीन सीझन कधी आले तर २०१४, २०१६ आणि थेट २०२३. मधी सात वर्षं थांबले, का तर नातवाचं काम करणारं पोरगं मोठं व्हावं म्हणून. इथं बालकलाकार मोठा झाला की लीप घेतात, म्हणजे गोष्ट एकदम काही वर्षं पुढं नेतात, आणि दुसऱ्याला आणतात, सोमवारी शेंबडं पोरगं आणि मंगळवारी दाढी.

इथं कथा एकाची, पटकथा दुसऱ्याची, संवाद तिसऱ्याचे. वनलाईन (एपिसोडमधी काय घडणार त्याचा थोडक्यात आराखडा) चॅनलकडून पास होऊन येते, ती पण रात्री अकराला, आणि सकाळी सातची शिफ्ट. आधीच शूट करून ठेवलेल्या एपिसोडची बँक नसली की पान गरम गरम प्रिंटरमधून थेट मेकअप रूममधी. गुरुवारी टीआरपी आला की ठरलेला ट्रॅक कचऱ्यात. याच्यात सॅली वेनराइट काय करील सांगा? ती पण "त्वांड का पाडलंयस"च लिहील आणि ईएमआय भरील.

आणि बीबीसीला तिकडं घराघरातून लायसन्स फी मिळते, जाहिरातवाला डोक्यावर बसलेला नसतो. पैसा असला की सगळ्यांनाच आपली माती आठवते.

तरी पण ये म्हणतो. भाडं आपण अर्धं अर्धं करू, माझा रूममेट लग्न करून चाललाय.

----------

गोदाकाठची (नांदेड)

पाणी भरून झालं. बालाघाट भाऊ, तुमचं निम्मं बरोबर आहे आणि निम्मं नाही, आधी नाही ते सांगते.

कोरोनेशन स्ट्रीट बीबीसीची नाही, आयटीव्हीची आहे, पूर्ण जाहिरातींवर चालणारी. तिथं पण कथानक बैठकीत ठरतं, लेखकाच्या हातात एपिसोड येतो तेव्हा त्यात काय घडणार ते आधीच ठरलेलं असतं, लेखकानं फक्त ते जिवंत करायचं. म्हणजे तुमच्यासारखीच मजुरी. ती पाच वर्षं तिनं केली. आणि तिथून निघाल्यावर तिची स्वतःची पहिली मोठी मालिका आली २००० मधी, अ‍ॅट होम विथ द ब्रेथवेट्स, ती पण आयटीव्हीवरच. लीड्समधली एक साधी गृहिणी, तिला ३ कोटी ८० लाख पौंडांची लॉटरी लागते आणि ती घरात कुणाला सांगतच नाही, गुपचूप दानधर्माची संस्था काढते. चार सीझन चालली. आता ही कल्पना कुणाला सुचेल? जिनं सोप लिहून लिहून हे ओळखलंय की घरात एकाला माहीत असणं आणि बाकीच्यांना नसणं, एवढ्यावर वर्षं काढता येतात, तिलाच. सोपचीच युक्ती आहे, फक्त तिनं ती स्वतःच्या बाईसाठी वापरली.

पण तुमचं बरोबर आहे ते हे, की ती तिथंच बसली असती तर हे झालं नसतं. के मेलर म्हणून लीड्सच्याच एक ज्येष्ठ लेखिका होत्या, त्यांनी पण आधी कोरोनेशन स्ट्रीट लिहिली होती. बायकांच्या फुटबॉल टीमवर त्यांची प्लेइंग द फील्ड नावाची मालिका होती, तिच्यात सॅलीनं लिहिलं, आणि त्यांनीच तिला सांगितलं की आता ते सोप सोड आणि स्वतःचं लिही. (के मेलर २०२२ ला गेल्या.) आपल्याकडं असं सांगणारं कुणी भेटत नाही हे खरं दुखणं आहे. आपल्याकडं ज्येष्ठ म्हणतात, मी पण असंच सोसलंय, तू पण सोस.

आणि सोडल्यावर सगळं सरळ झालं असं पण नाही हो. २००६ ला द अमेझिंग मिसेस प्रिचर्ड लिहिली, सुपरमार्केटची मॅनेजर बाई एकदम पंतप्रधान होते, मोठा गाजावाजा, एकच सीझन. बीबीसीचीच होती, लायसन्स फीनं वाचवलं नाही. मग २००९ ला अनफरगिव्हन आली, तीन भागांची, दोन पोलिसांच्या खुनात पंधरा वर्षं आत काढून सुटलेली बाई धाकट्या बहिणीला शोधते. सुरॅन जोन्सचं काम बघून अंगावर काटा येतो. याच्यावरून नंतर अमेरिकेत सँड्रा बुलकचा सिनेमा झाला. मग २०११ ला स्कॉट अँड बेली, मँचेस्टरच्या दोन महिला डिटेक्टिव्ह. याची कल्पना दोन नट्यांचीच, सुरॅन जोन्स आणि सॅली लिंडसे, कुणाची तरी बायको आणि कुणाची तरी आई करून कंटाळल्या होत्या. आणि सोबत घेतली कोणाला, तर डायन टेलर, मँचेस्टर पोलिसातून निवृत्त झालेली खरी अधिकारी. म्हणून त्यातली पोलिस चौकशी खरी वाटते, टेबलावर हात आपटणं नाही, कागद, फॉर्म, चहा आणि परत तोच प्रश्न.

बघा हं वय मोजा, म्हणजे मांजराकाठच्या भाऊंना धीर येईल. कोरोनेशन स्ट्रीटला लागली तेव्हा एकतिशीत. हॅपी व्हॅली आली तेव्हा पन्नाशी उलटलेली. त्याच्या आधी २०१२ ला लास्ट टँगो इन हॅलिफॅक्स, सत्तरी ओलांडलेले म्हातारा-म्हातारी, शाळेतलं प्रेम, इंटरनेटवर परत सापडतात आणि लग्न करतात. ही तर तिच्या आईचीच गोष्ट आहे! वडील गेल्यावर आईनं असंच जुन्या ओळखीतल्या माणसाशी लग्न केलं. २०१३ ला बाफ्टा, म्हणजे तिकडचा सिनेमा-टीव्हीचा मोठा पुरस्कार, मिळाला याला. मला राहून राहून वाटतं, ही गोष्ट तिच्याजवळ घरातच होती, पण ती लिहायला पंचवीसेक वर्षं लिहून तयार झालेला हात लागला.

----------

मांजराकाठचा (लातूर)

ताई एवढं सगळं लिहिलंत, खरंच आभारी आहे. काका, वेबिलचं मनाला लागलं, पण बरोबर लागलं.

एक शंका राहतेच. बालाघाट भावा, तू म्हणतो ते पैशाचं मान्य, पण भाषेचं काय? तिकडचं खोऱ्यातलं बोलणं लंडनच्या माणसाला तरी कळत होतं का?

----------

गोदाकाठची (नांदेड)

नव्हतं कळत! दुसऱ्या सीझनच्या वेळी तक्रारी गेल्या होत्या बीबीसीकडं, नट पुटपुटतात, शब्द ऐकू येत नाहीत, काही लोक सबटायटल लावून बघत होते. आपलीच भाषा आणि आपल्याच देशात सबटायटल. पण कुणी म्हणलं नाही की कॅथरीनला लंडनचं इंग्रजी बोलायला लावा. तिसऱ्या सीझनचा शेवट ५ फेब्रुवारी २०२३ ला, रविवारी रात्री, अख्खा देश टीव्हीसमोर बसला होता.

आणि बोली म्हणजे फक्त "करूलालास" नाही भाऊ, हे मला तुम्हाला आधीपासून सांगायचं होतं. तुम्ही वर सांगितलात तो पेट्रोलचा सीन बघा परत. त्यात यॉर्कशर कुठं आहे? उच्चारात आहेच, पण खरं तर त्या बोलण्याच्या पद्धतीत आहे. समोर पोरगं मरायला निघालंय आणि बाई भुवयांची काळजी करते. दुःख सांगायचं तर यादी वाचल्यासारखं सांगते, एक मेलं, एक बोलत नाही. रडगाणं नाही. आता आपल्याकडची म्हातारी आठवा, दुष्काळात टँकरच्या लायनीत उभी राहून काय म्हणते? माझी आजी म्हणायची, "पाणी न्हाई तर न्हाई, आंघोळीचा तरास वाचला." हे वाक्य तुम्ही पुण्याच्या भाषेत लिहा नाहीतर कोल्हापूरच्या, ते मराठवाड्याचंच राहील. क्रियापद कापतील ते, हे कसं कापणार?

----------

बालाघाट_बॉय (बीड, सध्या गोरेगाव)

ताई हे मात्र मानलं. आंघोळीचा तरास 🙏

पण एक जोडतो, तिच्यावर पण वरून कुऱ्हाड आलीच. जंटलमन जॅक बघितली का कुणी? हॅलिफॅक्सजवळची शिब्डेन हॉलची मालकीण, अ‍ॅन लिस्टर, १७९१ ते १८४०, काळे कपडे घालून कोळशाच्या खाणी चालवणारी बाई आणि बायकांवर प्रेम करणारी. पन्नास लाख शब्दांची डायरी लिहून ठेवली, त्यातला काही भाग सांकेतिक लिपीत, ग्रीक अक्षरं आणि बीजगणिताची चिन्हं मिसळून. सॅलीबाई लहानपणी त्याच वाड्यात फिरायला जायची, कितीतरी वर्षं हा विषय घेऊन हिंडली, कुणी घेतला नाही. शेवटी २०१९ ला झाली. आणि दोन सीझन झाल्यावर अमेरिकेच्या एचबीओनं २०२२ ला हात काढून घेतला, बंद. बाफ्टा घरात, हॅपी व्हॅली हिट, तरी बंद. डिस्नीसाठी केलेली रेनेगेड नेल पण २०२४ ला एका सीझनमधी आटोपली.

म्हणजे मोठं झालं की कुणी कापत नाही, असं काही नसतं. आता २०२५ ला परत बीबीसीवर आली, रायट विमेन, पन्नाशीच्या पाच बायका, पाळी जायचं वय, आणि काढतात काय तर पंक बँड. आणि कुठं, तर हेब्डन ब्रिजला. परत त्याच खोऱ्यात. बाई गाव सोडायला तयार नाही.

----------

गोदाकाठची (नांदेड)

आणि हे विसरलेच, हॅपी व्हॅलीचे तिन्ही सीझन मिळून अठराच्या अठरा एपिसोड तिनं एकटीनं लिहिलेत. पहिल्या सीझनचा एक एपिसोड तर स्वतः दिग्दर्शित केला. सारा लँकेशर, जी कॅथरीन झालीय, ती पण कोरोनेशन स्ट्रीटचीच, सॅली तिथं लिहीत होती तेव्हा ही तिथं काम करत होती. म्हणजे सोपमधून फक्त हात नाही, माणसं पण मिळतात.

माझं मत विचाराल तर जा. पण तारीख ठरवून जा. पाच वर्षं तर पाच. आणि रोजचं चॅनलचं लिहून झालं की अर्धा तास स्वतःचं, कितीही वाजू देत.

----------

बालाघाट_बॉय (बीड, सध्या गोरेगाव)

अर्धा तास 😂 ताई तुम्ही गोरेगावहून लोकलनं कधी आलाय का

----------

मांजराकाठचा (लातूर)

फोन केला त्यांना. पुढच्या महिन्यात यायला सांगितलंय. भावा रूम ठेव.

तोपर्यंत एक सुरू केलंय, ताईंनी आजीचं वाक्य सांगितलं त्या रात्रीच बसलो. गावातली आई रोज सकाळी एसटीनं लातूरला क्लासच्या पोराला डबा पाठवते, आमच्याकडं शेकडो डबे असे जायचे, माझा पण यायचा. एके दिवशी डबा जातो आणि संध्याकाळी तसाच भरलेला परत येतो. एवढंच सध्या. सुरुवात टाकतो, काका तुम्ही बघा.

स्टँड. सकाळी सहा. एसटी येऊन थांबते. आई धावत येते.
कंडक्टर : चला चला, तिकीट बोला.
आई : भाऊ, एवढा डबा द्या लेकराला. लातूरच्या स्टँडवर येईल.
कंडक्टर : (डबा हातात घेत) हो मावशी, देतो. काय केलंय आज?
आई : काय करायचंय, कालचीच भाजी. त्याला सांगू नका.

----------

निवृत्त_लालपरी (परभणी)

आईचं शेवटचं वाक्य चांगलं आहे, ते ठेव.

बाकी चुकलंय. कंडक्टर डबा हातात घेत नाही. सकाळच्या गाडीला पंचवीस-तीस डबे असतात, हातात घेऊन तिकीट कशी फाडणार. तो म्हणतो, पुढं ठेवा. म्हणजे ड्रायव्हरच्या बाजूला, इंजिनच्या बॉनटवर. तिथं डबे गरम पण राहतात. ड्रायव्हर रोज कटकट करतो आणि रोज ठेवून घेतो. कालच्या भाजीचं ती कंडक्टरला सांगणार नाही, ड्रायव्हरला सांगंल, कारण ड्रायव्हरच त्याच रूटवर कायम असतो आणि तो मागं वळून बघत नाही.

आणि स्टँडवर डबा ओळखायचा कसा ते तू लिहिलंच नाही. सगळे डबे एकसारखे. कुणी लाल दोरा बांधतं, कुणी दस्तीत गाठ मारतं, कुणी नेलपालिशनं नाव टाकतं झाकणावर. तुझी आई काय करायची ते लिही.

परत आलेल्या डब्याचं पण सांगतो. भरलेला डबा परत आला तर बाई तिथं स्टँडवर उघडत नाही. हलवून बघते. वजनावरून कळतं.